उलटघडी: काळात मागे नेणाऱ्या घड्याळाला काय काय ठाऊक असावं लागतं

गोष्टीतलं काळात मागे नेणारं घड्याळ वापरायला फार सोपं असतं. चावी फिरवायची, काटे उलटे पळतात, डोळ्यांपुढं अंधारी येते आणि माणूस थेट पणजोबांच्या अंगणात. कल्पना जुनीच आहे. एडवर्ड पेज मिचेल या अमेरिकी पत्रकाराची एक कथा 1881 साली न्यूयॉर्कच्या 'सन' या दैनिकात छापून आली. तिच्यात उलटं चालणारं जुनं घड्याळ माणसांना तीनशे वर्षं मागे, 1574 सालच्या हॉलंडमध्ये नेऊन सोडतं. एच. जी. वेल्स यांचं कालयंत्र सगळ्यांना माहीत असतं, पण ते आलं 1895 मध्ये. घड्याळ त्याच्याही आधीचं.

आमच्या लोणार तालुक्यातल्या गावात गणपतीत पोरांनी असंच एक नाटुकलं बसवलं. आजोबांच्या लोखंडी पेटीत नातवाला चावीचं एक घड्याळ सापडतं. चावीला डावीकडं एक फेरा दिला की माणूस एक वर्ष मागे. नाव पोरांनीच ठेवलं, उलटघडी. नाटुकलं रंगलं, टाळ्या पडल्या, आणि प्रसाद वाटता वाटता पुढच्या रांगेतल्या एका काकांनी पोरांना गाठलं. "पोट्टेहो, घडी मांगं गेली, पोरगाबी मांगं गेला. पन मले हे सांगा, गाव तथीच होतं काय?"

पोरं हसली. पण कालप्रवासाच्या बहुतेक गोष्टी नेमक्या याच प्रश्नाला बगल देऊन पुढं सटकतात. त्यावरून पारावर जे बोलणं निघालं, ते जरा सविस्तर लिहितो. घड्याळ खोटं आहे, हिशेब मात्र खरा.

गाव तिथंच होतं का?

पृथ्वी स्वतःभोवती फिरते. लोणारच्या अक्षांशावर जमिनीचा हा वेग सेकंदाला सुमारे 437 मीटर पडतो, म्हणजे मिनिटाला 26 किलोमीटर, पश्चिमेकडून पूर्वेकडं. आता समजा, उलटघडीनं तुम्हाला फक्त एक मिनिट मागे नेलं आणि जागेचा काही विचारच केला नाही. मिनिटभरापूर्वी लोणार 26 किलोमीटर पश्चिमेला होतं. तुम्ही होतात तिथंच अधांतरी राहिलात, तर पायाखाली लोणारच्या पूर्वेची जमीन आलेली असणार. उतराल ते रिसोडच्या बाजूला कुणाच्या तरी तुरीत.

हा झाला सगळ्यांत किरकोळ हिशेब. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला जवळजवळ 30 किलोमीटरनं धावते आहे. एका मिनिटात 1,800 किलोमीटर, एका तासात 1 लाख 7 हजार. चंद्र आपल्यापासून सरासरी 3 लाख 84 हजार किलोमीटरवर आहे. म्हणजे तासभर मागे जाणारा माणूस चंद्राच्या वाटेचा पाव हिस्सा ओलांडण्याइतक्या अंतरावर काळ्या पोकळीत निघेल. नाटकात आजी झालेल्या पोरीनं इथं लगेच हात वर केला. पूर्ण एक वर्ष मागे गेलं तर पृथ्वी फिरून त्याच जागी येते ना? मुद्दा बिनतोड होता. पण सूर्यही थांबलेला नाही. तो आकाशगंगेच्या केंद्राभोवती सेकंदाला 220 किलोमीटरच्या आसपास वेगानं चालला आहे आणि सगळ्या ग्रहांचं बिऱ्हाड सोबत घेऊन चालला आहे. वर्षभराचे होतात जवळजवळ 700 कोटी किलोमीटर. सूर्यापासून नेपच्यून 450 कोटींवर आहे. चावीचा एक फेरा, आणि आपण नेपच्यूनच्याही पल्याड.

मग गोष्ट मोडीत काढायची का? तसं करायची गरज नाही, कारण "आहे तिथंच" या शब्दांत खोच आहे. कशाच्या मानानं तिथंच? आकाशात कुठं खुंटी ठोकलेली नाही की तिच्यापासून अंतर मोजावं. गॅलिलिओपासून आइन्स्टाइनपर्यंतच्या भौतिकशास्त्राचं म्हणणं असं, की विश्वात ठार स्थिर अशी जागा नावाची गोष्टच नाही. वेग आणि ठिकाण नेहमी कशाच्या तरी मानानंच सांगावं लागतं. तेव्हा घड्याळ कशाला बांधलेलं आहे, हे लेखकानं ठरवायचं असतं. उलटघडी जमिनीला बांधली की नेपच्यूनची भीती गेली. एक वाक्य पुरतं, पण ते वाक्य लिहायला हवं.

जमिनीला बांधली तरी एक कटकट उरते. जमीनही जागची हलते. आपल्याकडं गावठाणाला पांढरी म्हणतात आणि शेताला काळी. पांढरीवर पिढ्यानपिढ्या मातीची घरं पडली, त्याच मातीवर नवी उभी राहिली, राख आणि शेण साचत गेलं, आणि गाव आजूबाजूच्या वावरापेक्षा हळूहळू उंच झालं. आजच्या ओट्यावरून तीनशे वर्षं मागे गेलात तर त्या काळची जमीन खाली असेल आणि तुम्ही दाणकन अंगणात आपटाल. लोणारच्या विवरात याच्या उलट. विवराचा व्यास जवळजवळ 1.8 किलोमीटर, काठापासून खोली साधारण दीडशे मीटर, आणि हे सगळं अशनी आदळून बेसाल्टच्या काळ्या खडकात झालेलं. तळाशी उभं राहून आघाताच्या आधीच्या काळात गेलात, तर तिथं विवर नाहीच. आहे तो सलग खडक, आणि तुम्ही त्याच्या पोटात.

चावीचे फेरे मोजायचे कोणत्या पंचांगानं?

जागेचं जमलं असं धरू. आता "एक फेरा म्हणजे एक वर्ष" हे वाक्य घ्या. कुठलं वर्ष?

2 सप्टेंबर 2024 ला पोळा होता. समजा पोरगा त्या दिवशी बैलांच्या शिंगांना बेगड लावून, झूल चढवून, तोरणाखालून बैल नेऊन आला आणि हौसेनं चावीला एक फेरा दिला. पोचला 2 सप्टेंबर 2023 ला. गावात सामसूम, बैल नेहमीसारखे गोठ्यात, पुरणाचा वास नाही. कारण 2023 साली अधिक श्रावण आला होता आणि पोळा पडला 14 सप्टेंबरला. त्या पोळ्यापासून या पोळ्यापर्यंत 354 दिवस, इंग्रजी वर्षापेक्षा पुरे 11 दिवस कमी. चांद्र महिने बारा धरले की वर्ष इतकंच भरतं. ही तूट साठत जाते आणि 19 वर्षांत साधारण 7 वेळा अधिक महिना घालून ती भरून काढावी लागते. अधिक महिना मध्ये आला की पोळ्यापासून पोळ्यापर्यंत 384 दिवस होतात. पोळ्यावरून पोळ्यावर उडी मारायची असेल, तर उलटघडीच्या पोटात दाते एकसारखे बसवून भागणार नाही, आत पंचांग भरावं लागेल.

तेही कुठलं? आपला महिना अमावास्येला संपतो. सातपुडा चढून छिंदवाड्याकडं गेलात तर हिंदी पंचांगातला महिना पौर्णिमेला संपतो. त्यामुळं आपल्या पोळ्याची श्रावणी अमावास्या त्यांच्या हिशेबात भाद्रपदाची असते. दिवस तोच, आकाशात चंद्र नसणंही तेच, महिन्याचं नाव वेगळं. घड्याळाला "भाद्रपद अमावास्या" एवढंच सांगितलं, तर ते महिनाभर चुकू शकतं.

कास्तकाराचं कॅलेंडर आणखी तिसरंच. रोहिणी, मृग, आर्द्रा ही पावसाची नक्षत्रं सूर्यावरून चालतात, म्हणून मृग दरवर्षी 7-8 जूनलाच लागतो. वर्षाच्या उडीसाठी हे सगळ्यांत भरवशाचं. पण शेकडो वर्षं मागे जायचं म्हटलं की इथंही गडबड आहे. पृथ्वीचा अक्ष भोवऱ्याच्या चालीनं सावकाश डोलतो, आणि त्यामुळं ताऱ्यांवरून मोजलेलं वर्ष ऋतूंवरून मोजलेल्या वर्षापेक्षा सुमारे 20 मिनिटांनी मोठं भरतं. सत्तर-एक वर्षांत एक दिवस सरकतो. सोळाशे वर्षांपूर्वीच्या वाकाटक राजांच्या काळात गेलेला माणूस "मृग लागला, पाऊस येईन" म्हणून धूळपेरणी करून बसला, तर तो ऋतूच्या मानानं आजच्यापेक्षा जवळजवळ तीन आठवडे आधीच पेरून मोकळा झालेला असेल.

वाकाटकांवरून आठवलं. रामटेकजवळच्या नगरधनच्या, म्हणजे जुन्या नंदिवर्धनच्या, या राजांचे ताम्रपट विदर्भात बरेच सापडले. त्यांच्यावर शकही नाही आणि संवतही नाही. अमुक राजाच्या कारकिर्दीचं इतकावं वर्ष, एवढंच. राजा कधी गादीवर बसला हे कळल्याशिवाय त्या आकड्याचा उपयोग शून्य. पुढं निजामाच्या अमलात वऱ्हाडात फसली सन, म्हणजे महसुलाचं साल, चालला. दक्षिणेतल्या फसली आकड्यात 590 मिळवले की इसवी सन निघतो, म्हणजे फसली 1260 हे 1850-51 च्या सुमाराचं. नागपूरकर पंडित शके लिहिणार, त्यात 78 मिळवायचे. आणि इंग्रजी तारखांवर डोळे मिटून भरवसा ठेवायचा म्हटलं, तर युरोपातल्या काही कॅथलिक देशांनी 4 ऑक्टोबर 1582 नंतरचा दिवस एकदम 15 ऑक्टोबर केला होता, आणि इंग्रजांनी तीच दुरुस्ती 1752 मध्ये केली. मधली 170 वर्षं दोघांच्या तारखांत दहा-अकरा दिवसांचं अंतर. उलटघडीच्या तबकडीवर "साल" लिहिलेला एकच काटा असेल, तर ती घडी माझ्या मते शोभेचीच.

दुपारचे बारा

वर्ष जमलं, दिवस जमला. किती वाजता पोचायचं? पोरांच्या नाटकात आजोबा "दुपारी बारा वाजता विहिरीपाशी भेट" असं म्हणतात. बारा कुणाचे?

आपल्या मोबाईलमध्ये वाजतात ते बारा 82.5 अंश पूर्व रेखावृत्तावरचे, उत्तर प्रदेशात मिर्झापूरच्या बाजूचे. लोणार 76.5 अंशांवर आहे. एका अंशाला 4 मिनिटं, म्हणजे सहा अंशांची 24 मिनिटं. सरासरीनं लोणारला सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात 12 वाजून 24 मिनिटं झालेली असतात. बरोबर एक घटिका. नागपूरला हाच फरक 14 मिनिटांच्या आसपास. त्यातही सूर्याची चाल वर्षभर सारखी नसते, नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो सरासरीपेक्षा 16 मिनिटं लवकर माथ्यावर येतो आणि फेब्रुवारीच्या मध्याला 14 मिनिटं उशिरा.

जुन्या काळी याचा कुणाला त्रास नव्हता, कारण प्रत्येक गावाचे बारा त्या गावाचे. मग रेल्वे आली. मुंबईहून निघालेला लोहमार्ग 1867 मध्ये नागपूरला पोचला आणि पुढं देशभरच्या रेल्वेनं मद्रासची वेळ धरली. समजा, उलटघडीनं तुम्ही 1890 सालच्या शेगाव स्टेशनावर उतरलात. फलाटावरचं घड्याळ मद्रासचं, गावातला सूर्य शेगावचा, दोघांत 14 मिनिटांचा फरक. सावली पाहून स्टेशन गाठणाऱ्याची गाडी हमखास चुकणार. 1 जानेवारी 1906 पासून सगळ्या देशाला एक प्रमाणवेळ आली, तरी मुंबई शहरानं आपली वेगळी वेळ पुढं कित्येक वर्षं सोडली नाही. दुसऱ्या महायुद्धात आणखी एक फेरफार झाला. 1 सप्टेंबर 1942 ते 15 ऑक्टोबर 1945 या काळात घड्याळं तासभर पुढं होती. 'चले जाव' आंदोलनातला चिमूरचा उठाव 16 ऑगस्ट 1942 चा. तो पाहायला जाणाऱ्याला आजचीच प्रमाणवेळ लागू पडेल. पण पंधरवडा उलटून तो तिथंच राहिला, तर एका सकाळी त्याचं घड्याळ आख्ख्या गावापेक्षा तासभर मागे.

1867 च्याही मागे गेलात तर तास-मिनिटं गावात चालतच नाहीत. तिथं घटिकापात्र. घंगाळात पाणी, पाण्यावर तळाला बारीक भोक पाडलेली तांब्याची वाटी. भोकातून पाणी आत शिरतं, वाटी जड होत जाते, काठापर्यंत आली की गपकन बुडते. बुडाली की 24 मिनिटं झाली. लग्नाच्या मांडवात मुहूर्त साधायला कुणीतरी या वाटीवर डोळे लावून बसलेलं असायचं, कारण बुडालेली वाटी लगेच काढून पुन्हा तरंगत ठेवली नाही तर हिशेब तिथंच तुटतो. साठ घटिकांचा एक दिवस, आणि मोजणी सूर्योदयापासून. म्हणून पहाटे तीनला पोचलेल्या पाहुण्याचं घड्याळ मंगळवार दाखवत असेल, तरी गावाच्या लेखी सोमवारची रात्र अजून सरलेली नसते.

मनगटावरचा काळ आणि गावातला काळ

आतापर्यंत आपण बाहेरच्या काळाबद्दल बोललो. पण पोरगा 1942 मध्ये चार दिवस राहून निघाला त्याच क्षणी परत आला, तर घरच्यांच्या लेखी तो क्षणभरही गेलेला नाही, आणि त्याची नखं मात्र चार दिवसांनी वाढलेली. म्हणजे उलटघडीला दोन तबकड्या हव्यात. एक जगाच्या काळाची, दुसरी ती घालणाऱ्या माणसाच्या काळाची. ही दुसरी तबकडी गोष्टीपुरती नाही, भौतिकशास्त्रात ती खरोखर आहे. आइन्स्टाइननं 1905 आणि 1915 मध्ये दाखवून दिलं की वेगानं जाणारं घड्याळ सावकाश चालतं, आणि जास्त गुरुत्वाकर्षणात बसलेलं घड्याळही सावकाश चालतं.

1971 च्या ऑक्टोबरमध्ये हाफेल आणि कीटिंग या दोघा अमेरिकी शास्त्रज्ञांनी सीझियमची अणुघड्याळं प्रवासी विमानांच्या सीटवर बांधून जगाला फेऱ्या मारल्या. पूर्वेच्या दिशेनं गेलेली घड्याळं जमिनीवरच्या घड्याळापेक्षा 59 नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेच्या दिशेनं गेलेली 273 नॅनोसेकंद पुढं गेली. एक नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग. फरक चिमूटभर, पण आइन्स्टाइनच्या गणिताशी जुळणारा.

हाच हिशेब मी लोणारला लावून पाहिला. तळाशी, कमळजा देवीच्या देवळापाशी ठेवलेलं घड्याळ पृथ्वीच्या केंद्राला थोडं जवळ, म्हणून काठावरच्या घड्याळापेक्षा किंचित मंद. दीडशे मीटर उंचीचा फरक धरला तर वर्षाला अर्धा मायक्रोसेकंद. शंभर वर्षं खाली राहणारा माणूस काठावरच्यापेक्षा सेकंदाच्या विसाहजाराव्या भागानं तरुण राहील. देवीला साकडं घालण्याइतका हा फायदा नाही, हे कबूल. पण अशाच फरकांवर आपल्या मोबाईलमधला नकाशा चालतो. जीपीएसचे उपग्रह जवळपास 20,200 किलोमीटर उंचीवर आहेत आणि त्यांची घड्याळं जमिनीच्या मानानं दिवसाला 38 मायक्रोसेकंद पुढं पळतात. ती दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात ठिकाणाची चूक दहा किलोमीटरच्या घरात जाईल. जीपीएससारख्याच आपल्या 'नाविक' या भारतीय उपग्रह यंत्रणेतही हेच गणित आहे. मे 2023 मध्ये गेलेल्या एनव्हीएस-01 या उपग्रहावर भारतात बनवलेलं अणुघड्याळ बसवलं आहे.

तेव्हा पुढच्या काळात जाणं ही कल्पना नव्हेच, सगळा प्रश्न वेगाचा आहे. अंतराळ स्थानकात सहा महिने काढून आलेला माणूस आपल्यापेक्षा चार-पाच मिलिसेकंद कमी म्हातारा असतो. प्रकाशाच्या वेगाजवळ जाऊन आला, तर तो नातवांपेक्षाही लहान असू शकेल. पुराणात ककुद्मी राजाची गोष्ट आहे. मुलगी रेवती हिच्यासाठी वर विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो, तिथं गाणं चालू असतं म्हणून थोडा थांबतो, आणि परत येतो तर पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटलेली. मनात धरलेले सगळे वर कधीच गेले. मग रेवतीचं लग्न बलरामाशी लागतं, म्हणजे आपल्या कौंडिण्यपूरच्या रुक्मिणीची ती थोरली जाऊ. यावरून पुराणकारांना आइन्स्टाइनची सापेक्षता ठाऊक होती असं कुणी म्हणू लागलं तर मी वाद घालेन. त्यांना कल्पनाशक्ती होती, तीही काही कमी नव्हे. पण एक लक्षात घ्या, ककुद्मीला मागे येता आलं नाही.

मागचा रस्ता

मागे जाण्याचा दरवाजा गणितात बंद झालेला नाही, पण त्याच्या अटी जबर आहेत. कुर्ट गोडेल यांनी 1949 मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून फिरत्या विश्वाचं एक उत्तर काढलं, ज्यात प्रचंड वेगानं मोठा फेरा मारणारा प्रवासी आपल्याच भूतकाळात पोचू शकतो. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही, म्हणून ते कागदावर राहिलं. 1988 मध्ये किप थॉर्न आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी दुसरी वाट दाखवली. अवकाशात दोन तोंडांचं एक भुयार आहे असं धरा. एक तोंड जागेवर ठेवा, दुसरं प्रचंड वेगानं फिरवून आणा. दुसऱ्या तोंडाचं घड्याळ मागे पडलं. आता त्या तोंडातून शिरलेला माणूस पहिल्या तोंडातून आधीच्या वेळेला बाहेर पडू शकेल. मात्र असं भुयार उघडं ठेवायला ऋण, म्हणजे शून्याहूनही कमी, ऊर्जा लागते, आणि ती इतक्या प्रमाणात कुठून आणायची हे कुणाला सुचलेलं नाही.

यात दडलेली एक अट गोष्टी लिहिणारे सहसा सांगत नाहीत. अशा यंत्रानं ते यंत्र तयार होण्याच्या आधीच्या काळात जाता येत नाही. भुयाराचं तोंड ज्या दिवशी तयार झालं, तो मागचा शेवटचा दिवस. एसटी जिथून सुटते त्याच्या अलीकडच्या थांब्यावर कंडक्टर तुम्हाला कसा उतरवणार? म्हणजे पेटीतली उलटघडी आजोबांच्या तरुणपणीची असेल, तर तिच्या मर्यादेत आजोबांचं लग्न येईल, चिमूर कदाचित येईल. लोणारचा अशनी पाहायचं तर नाव काढू नका. तो कधी पडला हेच नक्की नव्हतं, मग चावी किती फिरवायची हे तरी कसं ठरणार? आधीच्या मोजणीत वय 52 हजार वर्षांच्या आसपास आलं होतं, आणि 2011 मध्ये छापून आलेल्या, खडकातल्या आर्गॉन वायूवरून केलेल्या मोजणीनं ते 5 लाख 70 हजारांवर नेलं.

स्टीफन हॉकिंग यांचा मागच्या प्रवासाला साफ विरोध होता. निसर्गाचे नियमच असं यंत्र चालू होण्याआधी ते मोडून टाकतील, असं त्यांनी 1992 मध्ये मांडलं. पुढं 2009 मध्ये केंब्रिजला त्यांनी कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रण मेजवानी आटोपल्यावर जाहीर केलं. कुणी आलं नाही. पण वरच्या अटीनं पाहिलं तर येणार तरी कसं? 2009 मध्ये कुणाकडं भुयाराचं तोंड होतं?

इसारचिठ्ठी आणि कापसाचा भाव

नाटकाचा गाभा असा, की आजोबांनी नडीपायी चार एकर वावर विकलेलं असतं आणि नातू मागे जाऊन इसारचिठ्ठी फाडतो. आता गुंता पाहा. वावर विकलंच गेलं नाही, तर नातवाला घरात त्या वावराची हळहळ ऐकायला मिळाली नाही. हळहळ नाही तर मागे जायचं कारण नाही. मागे गेला नाही तर चिठ्ठी फाडली कुणी?

रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह यांचं उत्तर सरळ आहे. जे घडलं त्यात नातवाचं जाणंही आधीपासून धरलेलं असतं, म्हणून त्याला विसंगत काही करताच येत नाही. तो चिठ्ठी फाडेल, पण ती नक्कल निघेल, किंवा त्याच्या धडपडीमुळंच सौदा लवकर उरकला जाईल. दुसरी सोय म्हणजे चिठ्ठी फाडताच वेगळं जग फुटतं आणि वावर वाचतं ते तिथल्या आजोबांचं. मला नाटकासाठी पहिलंच आवडतं. दुसऱ्यात घरचं वावर गेलं ते गेलंच.

पोरांनी आणखी एक वळण टाकलं होतं. शेवटी नातू ती उलटघडी तरुण आजोबांनाच देऊन येतो, आणि आजोबा ती पेटीत ठेवतात. मग घड्याळ घडवलं कुणी? कुणीच नाही, ते फेऱ्यातच फिरतंय. तर्कानं हे बसतं, पण झिजेनं मोडतं. पेटीत पन्नास वर्षं गंजलेलं घड्याळ नातवाला मिळालं, त्यानं ते तसंच मागे नेऊन दिलं, म्हणजे आजोबांना पहिल्याच दिवशी पन्नास वर्षांचा गंज मिळाला. तोच गंज पुन्हा पन्नास वर्षं चढणार. एकच वस्तू एकाच क्षणी कमी गंजलेली आणि जास्त गंजलेली असू शकत नाही. फेऱ्यात वस्तू फिरवणं म्हणूनच अवघड, बातमी फिरवणं सोपं. बातमीला गंज चढत नाही.

आणि बातमी म्हटली की आमच्याकडं पहिला प्रश्न भावाचा. काकांनी तो विचारलाच. "मंग ते घडी कापसाच्या भावाले कामी येईन काय?" 2022 च्या उन्हाळ्यात कापूस क्विंटलला दहा हजारांच्या बराच वर गेला होता. ते पाहून पुढच्या हंगामात लोकांनी माल विकायचा थांबवला, घरं कापसानं भरली, अंगाला खाज सुटेस्तोवर सांभाळला, आणि भाव सात-आठ हजारांवर येऊन बसला. एकट्याकडं उलटघडी असती तर तो आदल्या वर्षी बरोबर वेळ साधून विकून आला असता. सगळ्या जिल्ह्याकडं असती तर सगळा कापूस त्याच आठवड्यात जिनिंगवर आला असता आणि तो भाव त्या आठवड्यात राहिलाच नसता. भाव कळल्यानं भाव बदलतो. त्यासाठी भौतिकशास्त्राची गरज नाही.

मार्क रायनगॅनम या अमेरिकी अर्थतज्ज्ञानं 1986 मध्ये याच धाग्यावरून कालप्रवास अशक्य असल्याचा अर्धा गमतीचा, अर्धा गंभीर पुरावा मांडला होता. मागे जाणं जमत असतं, तर लोकांनी मागच्या काळात जाऊन पैसे व्याजानं लावले असते, वाढलेली रक्कम घेऊन पुन्हा मागे गेले असते, पुन्हा लावली असती. एवढा पैसा बाजारात ओतला गेला असता की व्याजाचा दर शून्यावर आला असता. तो शून्यावर नाही, म्हणजे कुणी आलेलं नाही. जपाननं 2016 ते 2024 या काळात एक दर शून्याच्याही खाली ठेवला होता, पण ते त्यांच्या मध्यवर्ती बँकेचं काम होतं. आमच्याकडं पीककर्ज वेळेत फेडलं नाही तर व्याज लागतं, आणि सावकाराकडं तर त्याहून जास्त.